येळखडा

जांबोटीच्या अलीकडं, चिऱ्याच्या खाणीत,
दोन चिऱ्यांच्या बेचक्यात सापडला तो.
आवळ्याएवढा. रंग हिरड्याच्या काढ्याचा.
भावकूमामानं पहारीनं मोडून घेतला, बंडीच्या खिशात टाकला,
विडी पेटवली,
आणि विडी सरेना.

पलीकडून निंगाप्पा बघत होता.
म्हणाला, ‘होत्तुगल्लु हाय त्ये. होत्तु म्हंजे येळ.
आत येळ बसलीया, दाटून.
ठेव की मर्दा परत, जिथल्या तिथं.’
मामा हसला. विडी अजून निम्मीच होती.

आमच्या तोंडी त्याचं येळखडा झालं.
शिंक्याला टांगला, खाली दुधाचं बोगणं.
सोमवारचं दूध पुढच्या बेस्तरवारी
सोमवारचंच.
गल्लीतल्या बाया एकेक करून आल्या,
कुणी अबोलीचा वळेसर ठेवून गेलं,
कुणी वाटीभर कुंदा, जावई येईपर्यंत.
सोप्यातल्या डालग्यात कोंबडी
चाळीस दिवस अंड्यांवर बसून होती,
तिच्याकडं कुणी पाहिलं नाही.

आम्हा इकडच्या लोकांना थांबलेल्या वेळेचं नवल कमी.
आजोबा गेले ते निकालाच्या वाटेकडं डोळे लावून.
पाट्या पुसल्या, रंगवल्या, पुसल्या,
तारीख पुढचीच पडत गेली.
म्हणून असेल, एका खड्यापाशी वेळ अडली
यात वावगं काही वाटलं नाही.

वावगं दिसलं ते यल्लूच्या तोंडात.
शिंक्याखालीच तिचा पाळणा.
बरोबरीची पोरं रांगली, उठली,
उंबरा ओलांडून कोंबड्यांमागं पळाली,
यल्लूच्या हिरडीत एकच दात,
तांदळाच्या कणीएवढा.
मामी आधी खूश होती, लेकरू मांडीत राहिलं म्हणून.
मग एका दुपारी
आपल्या बोटाभोवतीची तिची मूठ
बघत बसली, बघतच बसली,
आणि रात्री एवढंच म्हणाली,
‘हिची येळ त्यो खातोय.’

मामानं दोघींना नंदगडला धाडलं.
निंगाप्पानं बजावलं होतं, आगीजवळ नेऊ नको,
साठलेलं समदं एका दमात ओकल त्ये.
मामा चुलीपाशी बसून खडा फडक्यात बांधत होता.
चूल विझली असं त्याला वाटलं.
राखेखाली एक निखारा जागा होता.

आवाज आला ऊस मोडल्यासारखा. बस्स.
मी उंबऱ्याबाहेर, चपला घालत.
दूध फाटलं, वाळलं, हिरवं झालं, धूळ झालं.
तवा गंजून चाळण.
डालग्यात नुसती पिसं.
आणि मामा उभा,
दाढी बेंबीपर्यंत,
नखं वळून तळव्यात रुतलेली.
सगळ्यांची राखलेली वेळ
एकट्याच्या अंगावरून गेलेली.
मला म्हणाला,
‘जेवलो का रं मी?’

चौदा वर्षं, असा हिशेब आम्ही मागाहून केला.
त्यातला एक दिवस त्याला आठवत नाही.
चौदा वर्षांत कुणाशी भांडला नाही,
एक आंबा चोखला नाही,
एकदाही पाय दुखले म्हणून रस्त्यात बसला नाही.

यल्लू आता शाळेत जाते.
जन्मतारखेच्या रकान्यात गुरुजींनी दोनदा खोडलंय.

पण तो खडा सगळा नव्हता.
एका अंगाला मोड होती, ताजी.
म्हणजे उरलेला चिऱ्यातच राहिला,
आणि त्या आठवड्याचे चिरे
सहा ट्रक भरून गेले,
अनगोळला, वडगावला,
एक तर पार चंदगडाकडं, सीमेपलीकडं.

तेव्हा नवं घर बांधलं असेल,
भिंत तांबडी असेल,
कोपऱ्यातल्या फडताळात दूध नासत नसेल,
तर बायांनो, खूश होऊ नका.
आधी पाळणा हलवा तिथून.
घड्याळ मग बघा.