मधलं कच्चं

सदतीस वर्षं मी टायर भाजले.
इथेच, क्लेरमाँच्या कारखान्यात, बहुतेक रात्रपाळीला :
साचा बंद, वाफ चालू, घड्याळावर डोळा.
घरी आलो की ओदेत म्हणायची,
आधी डोकं धू, उशीला गंधकाचा वास लागतो.

आमच्याकडे गास्तों नावाचा तपासनीस होता.
दर पाळीला एक टायर उचलायचा, आडवा चिरायचा
आणि चिरलेल्या जागी अंगठ्याचं नख रोवायचा.
नख रुतलं, तर आत कच्चं.
मग अख्खा घाणा भंगारात.
माझा एकदाच गेला. मुलगी झाली त्या रात्री.

आज ओट्यावर सहा साचे मांडलेत, माझ्या मुठीएवढे.
आतून लोणी फासलंय, कोको भुरभुरवलाय.
ओदेतचा गुडघा बदललाय, रविवारी घरी सोडतील,
आणि रविवारीच तिचा वाढदिवस.
दरवर्षी हे केक तीच करत आली,
स्वतःच्या वाढदिवसाचे, स्वतःच.
मी खाल्ले, आणि म्हणालो, छान.

इस्पितळात फोन लावला.
किती मिनिटं?
कडा धरली की काढायचे.
म्हणजे किती?
कडा धरायला हवी, मधलं थरथरायला हवं.
माझ्या बाबांसमोर बसला होतास ना, तसं.
पलीकडे कुणीतरी नर्स फिसकन हसली.
मी कागदावर लिहिलं : थरथर.
पुढे प्रश्नचिन्ह.

चॉकलेट वाफेवर ठेवलं, लोण्यासकट.
पाणी पातेल्यात, चॉकलेट वरच्या वाडग्यात,
दोघांची भेट होता कामा नये.
अंडी दोन कमी पडली.
तिसऱ्या मजल्यावरच्या झेफेरिनाबाईंनी दिली,
आणि देऊन गेल्या नाहीत, दारातच उभ्या राहिल्या.
मैदा अगदी नावापुरता.
इतक्या कमी पिठावर काय उभं राहणार,
असं त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट होतं.

पहिला दहा मिनिटं ठेवला.
हात सवयीचे, अकरावं त्यांनीच घातलं.
चिरला. कोरडा, सरळ, आरपार.
गास्तोंने डोळे मिटून शिक्का मारला असता.

दुसरा सातव्या मिनिटाला काढला, उलटा केला,
आणि तो बसला.
बशीभर काळं तळं, काठाला जेमतेम केक.
झेफेरिनाबाईंनी न विचारता खण उघडला, दोन चमचे काढले.
उभ्याउभ्याच खाल्लं आम्ही, न बोलता.
शेवटी त्या म्हणाल्या,
आमच्या पोर्तुगालातल्या गावी ह्याला झालं म्हणतात.

खिडकीतून डोंगर दिसतात, गोल माथ्यांचे,
साच्यातून उलटे पाडल्यासारखे.
लहानपणी मास्तर सांगायचे, हे विझलेत.
नातीची बाई सांगते, झोपलेत.

तिसऱ्याला मी घड्याळ भिंतीकडे तोंड करून ठेवलं.
भट्टीच्या काचेसमोर उकिडवा बसलो,
माझे गुडघे अजून जुनेच आहेत, कुरकुरले.
कडा हळूच वर आली. वरची चकाकी गेली.
दार उघडून साच्याला बोट लावलं :
मधोमध एक नाण्याएवढी जागा
अजून काही ठरवत होती.

सुरी लावली.

संपाच्या वर्षी ओदेतने तिच्या आईचं घड्याळ विकलं होतं.
मला कळलं दोन वर्षांनी, तेही तिच्या बहिणीकडून.
तोवर पोटात ठेवलं होतं तिने.
रोज समोर बसून सूप वाढायची,
वरून नीट, कडा धरलेली.
आणखी काय काय असेल, कोण जाणे.
मी कधी नख रोवून पाहिलं नाही.
मला वाटायचं, भाजून झालंय सगळं,
आतपर्यंत.

उरलेले तीन साचे तसेच फ्रीजमध्ये ठेवलेत,
वर बशा झाकून. न भाजता.
रविवारी भट्टीसमोर खुर्ची ठेवीन, पायाखाली उशी.
काचेतून तीच बघेल, तीच सांगेल, आता.
मिनिटं मी मोजणार नाही.

मोजली, तरी बोलणार नाही.