शिवेवरचे केस

उद्या फिस्पच्या मैदानात शेळ्यांचं प्रदर्शन.
आज ओटिलिया मिर्टाला धुतेय.
पुढून कोळसा, मागून दही,
अशीच असते ही जात, या डोंगरातली.

माझं काम फक्त शिंगं धरायचं.
काळ्या अर्ध्याला एक बादली पुरते,
पांढऱ्याला चार,
तरी मागच्या ढोपरावरचा मुताचा पिवळा डाग
जागचा हलत नाही.
ओटिलिया डागाला शिव्या घालते,
शेळीला एकही नाही.

खूर कातरले. शिंगांना जवसाचं तेल.
मग चष्मा चढवून ती वाकते
काळं संपतं तिथे.
परीक्षक बोट ठेवतो ते नेमकं त्याच शिवेवर.
काळ्यात पांढरे केस.
सात. नाही, नऊ.

शेजारचा थिओडूल कुंपणावरून म्हणतो,
"चिमटा घे. सगळेच उपटतात.
गेल्या साली मी बोकडाला
बुटाचं पॉलिश लावलं होतं."
"आणि नंबर?"
"तिसरा."
मग थोड्या वेळानं, "तिघांत."

चिमटा तिच्या एप्रनच्या खिशातच होता.
काढला. एक केस धरला.
माशी बसावी तशी
मिर्टाची कातडी थरथरली.
ओटिलियानं हात मागे घेतला,
स्वतःच्या कपाळावरचा रुमाल
जरा पुढे ओढला,
"राहू देत," म्हणाली. कुणाला, कळलं नाही.

रात्री गोठ्यात कोरडा पेंढा, गुडघाभर.
मिर्टानं सगळा हुंगून पाहिला
आणि जो एक कोपरा ओला राहिला होता
तिथे जाऊन
ऐसपैस बसली.