चौथी नखी

मतपेट्यांवर लाख ओतून होईतो फेरी सुटली होती.
चोडणच्या धक्क्यावर आम्ही तिघे कर्मचारी, एक पोलीस,
आणि कितेरियो,
ज्याला कुणीच बोलावलं नव्हतं.

त्याने खिशातून रुमाल काढला, रुमालातून खापरी.
पांढरी, निळ्या रेघांची, ओहोटीच्या चिखलात सापडलेली.
"मिंगांच्या वेळची असेल. नसेलही."
ड्रॅगनचा पंजा, तीन नख्या, मग तुटकी कड.
"पाच असतील तर बादशहाचा.
चार असतील तर कुणा सरदाराचा.
आता कोण मोजणार?"

मकावच्या कस्टममध्ये पंचवीस वर्षं काढली त्याने.
"एकच बावटा मी दोनदा गेलेला बघितला.
एकसष्टला पणजीत, पायचा हात धरून.
नव्व्याण्णवला तिथे, मध्यरात्री, उसना कोट घालून.
तारीखसुद्धा तीच, एकोणीस डिसेंबर.
दोन्ही वेळा मला कुणी विचारलं नाही."

"सदुसष्टला विचारलं की," मी म्हटलं.
तो हसला. "तुमचं फूल, आमची दोन पानं."

फूल हरलं.
मोजणी चालली ते तीन दिवस बाबा धड जेवले नाहीत.
चौथ्या दिवशी गेले कितेरियोच्या बापाच्या दुकानात,
खोबरेल आणि काड्यापेटी घेऊन आले. उधारीवर.
वहीत नाव होतं तिथेच होतं.

"तिकडच्या बखरी मी पुष्कळ वाचल्या," कितेरियो म्हणाला,
"घराण्यामागून घराणी बुडाली,
पण हरलेला माणूस तेल घेऊन घरी आला
असं कुठे लिहिलेलं नाही."

मग बराच वेळ नदीकडे बघत,
"शेजारच्या लाम बाई दर जूनला चौकात मेणबत्ती लावायच्या.
परवा फोनवर म्हणाल्या,
आता वीज गेली तरच लावते."

पोलिसाने तंबाखू मळली.
तीन नंबरच्या वॉर्डात पाकिटं वाटली गेली
हे त्यालाही माहीत होतं, मलाही,
आणि लाखेचा वास अजून बोटांना होता.

फेरीचे दिवे दिसले.
पेटी उचलली तर हलकी लागली.
एवढ्या लोकांचा कागद, आणि इतका हलका.
मी म्हटलं, चल की पलीकडे.
कितेरियोने खापरी रुमालात बांधली,
धक्क्यावरच थांबला.
पाणी उतरायला अजून तासभर होता,
आणि त्याला चौथी नखी शोधायची होती.