पंख्याचा ठोका

पुलापलीकडच्या कथाघरात
सहा रात्री माझ्या बापाची गोष्ट चालू आहे.
अठ्ठेचाळीस नाणी मोजायची, चपला दारात सोडायच्या,
चटईवर गुडघे दुमडून बसायचं.
मी खांबाआड बसते.
तिथून कथेकऱ्याचं तोंड दिसत नाही,
नुसता मिटलेला पंखा वर जाताना दिसतो
आणि तो मेजावर आपटला
की दिव्याची वात दचकते.

गोष्टीत बापाचं नाव गोंझाबुरो.
धिप्पाड. दाट भुवयांचा.
घरी अंथरुणाला खिळलेली आंधळी आई,
आणि वैद्य म्हणतो, क्रौंचाच्या रश्शाशिवाय उतारा नाही.
क्रौंच तर सगळे शोगुनाचे.
पाणथळ त्याची, बोरू त्याचे,
सकाळी वर येणारं धुकंसुद्धा त्याचंच असावं.
त्याच्या ससाण्यानेच मारायचं ते पाखरू,
आपण मान वर करून बघितलं तरी पुष्कळ.
ठोका.
"आईसाठी मुंडकं गेलं, तर जाऊ दे!"
बायका बाहीने डोळे टिपतात.
माझ्या शेजारचा पिंपं बांधणारा
मोठ्याने नाक शिंकरतो.

माझी आजी माझ्या जन्माआधीच गेलेली.
बापाचं नाव तोकुहेई. बुटका, एका पायाने फेंगडा.
मोचीच्या झाडाची साल तो ओढ्यात कुजवायचा,
कुटायचा, धुवायचा, परत कुटायचा,
चीक असा व्हायचा की तेलाशिवाय बोटं सुटू नयेत.
आणि तेल कुठलं आमच्याकडे!
थंडीभर त्याच्या हाताला काही ना काही चिकटलेलं:
कोंडा, माझे केस, बारीकसं करडं पीस.
पाखरं मुळ्यांच्या पाट्यांखाली शहरात जायची,
एका मिठाच्या व्यापाऱ्याकडे.
आम्ही रस्सा कधी चाखला नाही.
भूक होती, खोटं कशाला बोलू,
पण पहाटे निघताना तो शीळ घालायचा,
ती काही भुकेची नव्हती.

गोष्टीतला फितूर एका डोळ्याचा जुगारी आहे.
त्याचं नाव निघालं की सभा शिव्या घालते.
मीही घालते, हळू आवाजात.
नऊ वर्षांची होते मी.
एक लांब काळं पीस केसांत खोवून
बंधाऱ्यावर मिरवत होते.
पाखरांच्या राखणदाराने विचारलं,
"छान आहे गं. कुणी दिलं?"

काल खेळ सुटल्यावर
कथेकरी मागच्या बोळात शेवया ओरपत उभा होता.
जवळून पाहिला तर अगदी पोरगा,
गळ्याला गरम फडकं गुंडाळलेलं.
म्हणाला, "आजी, रोज येता. कशी वाटते?"
सगळं जिभेवर आलं होतं.
म्हटलं, "क्रौंचाची हाक चुकते तुझी.
तू किटलीसारखा शिट्टी देतोस.
ती छातीच्या हाडातून येते,
बिजागरी गंजलेल्या मोठ्या दारासारखी."
आणि तिथेच, कचऱ्याच्या टोपल्यांपाशी,
साठ वर्षांनी मी ती काढली.
पलीकडच्या गल्लीतले कुत्रे भुंकायला लागले.
पोराच्या वाडग्यातल्या शेवया तशाच राहिल्या.

आज सातवी रात्र.
गोंझाबुरो बोरूत उतरला.
पंखा वर गेला तो वरच राहिला, ठोका नाही.
मग त्या पोराने मान मागे टाकली
आणि हाक दिली.

पिंपं बांधणारा हलला नाही.
कुणी खोकलंसुद्धा नाही.
एवढ्या सगळ्या खोट्यात ते एकच खरं
छताच्या तुळयांखालून फिरत गेलं,
आणि माझ्या दंडावर
चिकट बोटं घट्ट रुतली.
नुई, श्वास धर.
धरला.