शेवटलं रीळ

शिरोड्याला, मासळी सुकवायच्या वाळूत
आमचा तंबू ठोकला होता.
मी हँडल फिरवायचो. सेकंदाला सोळा चित्रं.
घड्याळ नव्हतं, म्हणून मनात आरती म्हणायचो,
टाळ्यांसकट.

चित्र कुठल्याशा थंड मुलखातलं.
पाट्यांवरची अक्षरं इंग्रजीसारखी,
पण काहींच्या डोक्यावर उलट्या छत्र्या.
कुणालाच वाचता येत नव्हती.
पडद्याशेजारी आरोसकर मास्तर वेताची छडी रोखून
बेधडक सांगायचे:
"ही मोलकरीण. हा धन्याचा मुलगा."

मग पडद्यावर बर्फ पडू लागला.
"मीठ गे, मीठ!" बायकांतून कुणी ओरडलं
आणि अख्खं मिठागर हसलं.
द्वारकी हसली नाही.
चिरा पडलेल्या बोटांनी
तिने पदर पोटावर ओढून घेतला.

पुढची पाटी आली.
मास्तर जरा थांबले. म्हणाले,
"शिमग्याच्या रात्री, कलमांच्या बागेत,
त्याने तिला शब्द दिला होता."

त्या मुलखात कसला शिमगा, कसली कलमं?
पहिल्या रांगेतली वेताची खुर्ची करकरली.
खोतांचा धाकटा उभा राहिला.
"मास्तर, थंय खरांच असां लिवलला आसा?"
छडी खाली आली नाही.
"तुमी वाचा, खोतांनू."

पेटीवाल्या बाळगोचा भाता उघडाच राहिला.
तंबूत फक्त माझ्या हँडलची घरघर, आणि समुद्र.

मला पुढचं ठाऊक होतं.
वेंगुर्ल्यात तीन रात्री मीच तिला बुडवली होती:
पूल, कठडा, मग पाण्यावर नुसती टोपी.
तिने पाय उचलला
आणि माझा हात थांबला.

थांबला म्हणजे काय, मी थांबवला.
दिव्यासमोर फिल्म थांबवायची नसते.
आधी बोराएवढा तपकिरी डाग,
मग पूल गेला, नदी गेली, तीही गेली.
नुसता पांढरा पडदा,
उन्हातल्या आगरासारखा.

मालकाने कानाखाली दोन दिल्या,
पगारातून बारा आणे कापले.
लोक चुडती पेटवून घरी गेले,
वाटेत जो तो तिला वाचवत होता.
कुणी तिचं तांडेलाशी लग्न लावलं,
कुणी तिच्या हातात कोयता दिला.

चौथ्या दिवशी द्वारकी कामावर आली नाही.
बायका विहिरींत डोकावून आल्या.
मी तेरेखोलच्या तरीपर्यंत धावलो.

तरवाला सुंभ वळत होता.
"पैलाड उतारली ती," म्हणाला, "फाटफटीक."
आणि तोंडानेच दाखवली
नावेच्या फळीवरची भाड्याची पुरचुंडी.
मीठ होतं.