चौदा महिने

सर्जेकोटच्या बर्फाच्या कारखान्यात
पहाटे साडेतीनला पहिली लादी सुटते.
लाकडी घसरणीवरून येते ती,
शंभर किलोची, डाव्या कडेला जरा झुकत,
आणि खाली मी उभा असतो
गुडघे वाकवून, कोपर अंगाशी धरून.
सुहास विचारतो, खवळेकाका, कंबर धरली काय?
मी म्हणतो, हो.
सगळ्यांना सगळं सांगत बसलं
तर बांगडा सडेल.

तेव्हा मी दलात होतो, लेहला.
तिथली पोरं चालायच्या आधी घसरायला शिकलेली.
मला त्या पात्यांवर उभंही राहता येईना.
स्टोब्दन हवालदार म्हणाला,
ज्याला पळता येत नाही त्याला गोलात ठेवा.
माझी निवड ही अशी झाली.
पहिल्या दिवशी सतरा गोल खाल्ले.
रात्री बराकीत मोजत पडलो :
जाळ्यात काय आलं, काय निसटलं
हे आमच्या घरात चार पिढ्या मोजतायत;
जाळ्यात काही येऊ नये म्हणून
राखण करणारा मीच पहिला.

फोनवर आईला सांगितलं.
"खेळणाऱ्याक पगार कोण देता रे?"
आणि जरा थांबून,
"थंय माशे गावतत?"

चकती तपकिरीच्या डबीएवढी, काळ्या रबराची.
खेळाआधी तिला बर्फात पुरून ठेवायचे,
गोठली की उसळत नाही म्हणून.
ती दिसायची नाही. ऐकू यायची.
समोरचा करकचून थांबला
की पात्याखालून खर्र आवाज निघायचा,
सुरमईची खवलं उलटी काढताना निघतो तसा.
त्या आवाजावर मी डावीकडे पडायचो.
समोरचे दोन दात तिथेच कुठेतरी आहेत.

एकदाच परदेशी नेलं, बिश्केकला.
छपराखालचा बर्फ पहिल्यांदा पाहिला.
दार उघडलं आणि अमोनियाचा वास आला,
आणि मला, काय सांगू,
एकदम सर्जेकोट आठवलं :
बाप टोकन घेऊन रांगेत,
मी त्याच्या लुंगीचं टोक धरून, चड्डीत, कुडकुडत.
अकरा-शून्य हरलो.
चव्वेचाळीस अडवल्या होत्या.
अडवलेलं फळ्यावर लिहीत नाहीत.

तळ्यावर बर्फ पक्का दोनच महिने.
मार्चात कडा काळ्या पडतात,
मग परत बंदूक, परत पहारा.
असे सात हिवाळे. गुणाकार तुम्हीच करा.
सातव्या साली वीस जानेवारी उलटली तरी
तळं धरलं नव्हतं;
पातळ जागी पाय रुतला, गुडघा फिरला.
आधी तो गेला की आधी बर्फ,
यावर माझा माझ्याशी अजून वाद चालतो.

सेवापुस्तकात एक ओळ आहे :
हॉकी, कंसात बर्फ.
पेन्शनच्या कारकुनाने चष्मा वर करून विचारलं,
हे कंसातलं काय?

पाती बारदानात गुंडाळून माळ्यावर आहेत.
खाऱ्या वाऱ्यात पोलाद टिकत नाही,
दर अवसेला खोबरेल चोळतो.
देवकी म्हणते, एवढं तेल समईला नाही मिळत.
धार मात्र लावत नाही.
कशाला लावू?

आज एक लादी घसरणीवरच तडकली.
तिचा कपचा सुटून ओल्या फरशीवरून निघाला,
क्रेटांच्या मधून, मेस्त्रींच्या रुक्मीच्या पाटीखालून,
थेट धक्क्याच्या कडेकडे.
मी डावीकडे पडलो.
"मेलो पडलो!" रुक्मी ओरडली.
सुहास धावत आला. कुणीतरी हसलं.
बुटाखाली ते गार होतं, तिथेच होतं.
उठवत होते तरी
मी पाय काढला नाही
बराच वेळ.

वरून कुणीतरी हाक मारली,
दुसरी सोडू काय?
सोड, म्हटलं.