वाशांना चाकं

एटेल्काबाईंनी पहिलं घर बांधलं ते पुठ्ठ्याचं,
सरकारी टीव्हीवरच्या एका कोल्ह्यासाठी.
कोल्हा हातमोज्याएवढा.
त्याला त्यांनी चूल दिली, चुलीमागे काजळी दिली.
निर्माता म्हणाला, काळ्यापांढऱ्यात काजळी कोण बघतंय?
बाई म्हणाल्या, कोल्हा.

मग चव्वेचाळीस वर्षं
बुडापेस्टच्या त्याच चार गल्ल्या:
पॅरिस केलं, बर्लिन केलं, मॉस्को तर सातदा.
पाट्या बदलायच्या, ट्रामच्या तारा झाकायच्या
आणि तिसऱ्या मजल्यावरच्या खाष्ट म्हातारीकडे
केक घेऊन जायचं,
खिडकीतल्या जिरेनियमच्या कुंड्या दोन दिवस आत घ्या म्हणून.
"का? मॉस्कोत फुलं नसतात?"
बाईंकडे उत्तर नसायचं. केक ठेवून यायच्या.

मी लागलो तेव्हा माझं काम
नव्या भिंतींना म्हातारपण आणायचं.
चहाचं पाणी, बुटाचं पॉलिश, ब्रशचं उलटं टोक.
मी सगळीकडे सारखंच मळवलं.
बाईंनी चष्मा कपाळावर सरकवला.
"इथे राहतं कोण?"
विधवा शिंपीण. पटकथेत लिहिलंय.
"डावखुरी आहे?"
ते लिहिलं नव्हतं.
"मग तू ठरव. आणि दिव्याच्या बटणाभोवती
तेवढ्याच बाजूला मळव."

घर फिरलं की वासे फिरतात म्हणे.
आमच्या वाशांना चाकंच होती.
कॅमेऱ्याला जागा हवी, की सरकली भिंत,
घड्याळासकट, कॅलेंडरसकट.
नळ कशालाच जोडलेला नाही.
जिना चढून जावं तर वर
स्टुडिओचा अंधार
आणि त्यात पाय सोडून सँडविच खाणारा लोरांट सुतार.

शिंपिणीची खोली पडद्यावर आली
अडीच सेकंद. बटण दिसलंच नाही.
शुक्रवारी लोरांटनं पहार लावली,
दुपारपर्यंत सगळं घर
एका लोखंडी कचरापेटीत.
मी तोंड पाडून उभा.
बाई वाकून खिळे वेचत होत्या, सरळ वेगळे, वाकडे वेगळे.
"सोमवारी लंडन आहे," म्हणाल्या.

आता त्या निवृत्त.
राहतात त्याच चारांपैकी एका गल्लीत,
तिसऱ्या मजल्यावर.
मागच्या मार्चमध्ये मीच गेलो,
हातात खसखशीचा केक.
दार उघडून त्यांनी आधी केककडे पाहिलं,
मग माझ्याकडे.
"कुठलं शहर?"
व्हिएन्ना.
"साल?"
एकोणीसशे बारा.
खिडकीत सात कुंड्या, लालभडक, ओळीनं.
त्यांनी एकीला हात लावला,
पिकलेलं पान खुडलं, खिशात टाकलं.
"कुंड्या राहतील," म्हणाल्या,
"आणि तारा झाकू नकोस. ट्राम होती तेव्हा."

मग सुरी आणायला आत गेल्या.
मी दिवा लावायला हात नेला
आणि बटणाची कुठली बाजू मळलीय
ते बघत राहिलो.